पॅरिस वगळून

युरोपात कुठे जायचं हे ठरायला चार महिने लागले. त्यातले साडेतीन महिने कुठे जायचं नाही यावर गेले.

घरात आम्ही चौघं. मी नगरच्या एका दैनिकात डेस्कवर, बायको शाळेत शिक्षिका, मुलगी पुण्याला शिकायला, आणि माझी आई. तेव्हा ती चौऱ्याहत्तर वर्षांची होती. वडील जाऊन तीन वर्षं झाली होती. त्यानंतर आई नगर सोडून एकाच ठिकाणी जायची, पुणतांब्याला, भावाकडे. गुडघे दुखत, पण एसटीत एकटी चढायची. तिला आणखी कुठे तरी न्यावं, लांब न्यावं, हा विचार बायकोचा. युरोप माझा.

रविवारच्या पुरवणीचं पर्यटनाचं पान बरीच वर्षं माझ्याकडे होतं. दर उन्हाळ्यात त्या पानावर तीनच फोटो आलटून पालटून येत: आयफेल टॉवर, बर्फात रांगेनं उभं राहिलेलं कुटुंब, आणि पिसाच्या मनोऱ्याला हाताचा टेकू देणारा माणूस. मजकूरही तोच असे, सहल कंपन्यांकडून लिहूनच येई. रोज एक शहर, सकाळी सहाला बॅगा बसमध्ये, दुपारी गरम पुरणपोळी. आईला असं फिरवणं शक्य नव्हतं. म्हणून मी एक नियम केला. ज्या शहराचा फोटो आमच्या पानावर कधी लागलेला नाही, तेच शहर यादीत घ्यायचं. त्याला बायकोनं तीन अटी जोडल्या. जुनं गाव पायी वीस मिनिटांत ओलांडता आलं पाहिजे. बसायला बाक हवेत. आणि एका शहरातून दुसऱ्या शहरात जाताना अर्ध्या दिवसाहून जास्त वेळ जाता कामा नये.

या चाळणीतून तीन शहरं उरली. ऑस्ट्रियातलं ग्राझ, स्लोव्हेनियातलं ल्युब्लियाना, आणि इटलीच्या अगदी कडेला, समुद्रावर असलेलं त्रिएस्ते. नकाशावर तिन्ही एका ओळीत येतात. रेल्वे आणि बस यांनी जोडलेली आहेत. विमान मुंबईहून आखाती देशात, तिथून व्हिएन्ना. परत येताना व्हेनिसहून तसंच. थेट विमान कुठलंच नाही, हे मी नोंदवहीत लिहून ठेवलं होतं. तोटा म्हणून नव्हे, माहिती म्हणून.

कॉलनीत या यादीचं हसं झालं. समोरच्या बंगल्यातले निवृत्त अभियंते दोनदा युरोप करून आले होते. ते गेटवर हात ठेवून म्हणाले, "आयफेल टॉवर नाही? मग फोटो कशापुढं काढणार?"

मुलगी म्हणाली, "बाबा, मी स्टेटसला ल्युब्लियाना टाकलं तर मैत्रिणी विचारतील, हे कशावरचं औषध आहे."

मामा, म्हणजे आईचा धाकटा भाऊ, एप्रिलमध्ये नगरला आला होता. शेवग्याच्या शेंगांची पिशवी ओट्यावर ठेवून त्यानं यादी मुलीकडून वाचून घेतली. त्याला दमा होता, बोलताना मध्ये थांबावं लागे.

"काय गं अक्का, मोठं गाव सोडून कुठल्या वाडीवस्तीवर चालवलंय ह्यानं तुला?"

"वाडीच बरी," आई म्हणाली. "मोठ्या गावात तुझ्यासारखे लई भेटतात."

"माझ्यासारखा येकच हाय. जा बिनघोर."

तो गेल्यावर आईनं मला स्वयंपाकघरात बोलावलं. तिची एक अट होती.

तिच्या माहेरी माणूस गेलं की लेकी आणि बहिणी पोचल्याशिवाय उचलत नाहीत. आजोबा गेले तेव्हा गोदावरीला पूर होता, रस्ते बंद होते. आई लांबच्या वळशानं पोचेपर्यंत सकाळची संध्याकाळ झाली. तिनं त्यांच्या तोंडात पाणी घातलं, मग तिरडी उचलली. आजीच्या वेळीही तसंच. त्या घरात तिच्यासाठी थांबतात, हे तिला पक्कं माहीत होतं. तिच्याकडे माहेर म्हणून जे उरलं होतं त्यात हे सर्वांत मोठं होतं.

"अण्णा थकलाय," ती मामाबद्दल म्हणाली. "मी तिकडं असताना काही झालं तर मला लगेच सांगायचं. जे असेल ते सरळ. झाकून ठेवायचं नाही."

"कबूल."

"मी पोरासोरांवानी रडत बसणार नाही. पण सांगायचं."

मी पुन्हा कबूल म्हणालो.

मेच्या दुसऱ्या आठवड्यात निघालो. निवड बरोबर होती, हे लिहिलं पाहिजे. ग्राझमध्ये टेकडीवर घड्याळाचा मनोरा आहे. त्यात मोठा काटा तास दाखवतो आणि लहान काटा मिनिटं. आई खालच्या बाकावर बसून अर्धा तास ते घड्याळ वाचत राहिली. गर्दी नव्हती. कोणी ढकललं नाही, कोणी घाई केली नाही. पहिल्या दोन दिवसांत ती जितकं चालली तितकं नगरला महिन्यात चालत नसे.

ल्युब्लियानाला आम्ही रविवारी पोचलो. गावाच्या मधून छोटी नदी वाहते, मधल्या भागात मोटारींना बंदी आहे, आणि म्हाताऱ्या माणसांना नेण्यासाठी विजेवर चालणाऱ्या लहान गाड्या आहेत. हात केला की थांबतात. सोमवारी सकाळी आम्ही नदीकाठच्या भाजीबाजारात गेलो. आईनं एका गाळ्यावरची शेंग उचलली आणि कोवळी आहे का बघायला मोडली, जशी ती पुणतांब्याजवळच्या राहात्याच्या बाजारात मोडते. डोक्याला रुमाल बांधलेली विक्रेती तिच्या भाषेत फाडफाड बोलली.

"अगं, मोडल्याशिवाय घेऊ कशी?" आई मराठीत म्हणाली. "आंधळी घेते का मी?"

दोघी आपापल्या भाषेत बराच वेळ भांडल्या. शेवटी त्या बाईनं मूठभर शेंगा कागदात बांधून पैसे न घेता तशाच दिल्या. आमच्याकडे शिजवायला काही नव्हतं.

फोन तेव्हाच आला. मामाचा मुलगा बोलत होता. तो माझ्याहून दहा वर्षांनी लहान, गावात शेती बघतो. मी पुलाच्या कठड्यापाशी जाऊन फोन घेतला.

"दादा, आत्या जवळ हाय का?"

"नाही. बोल."

"अण्णांचं लई जास्त झालंय. रातीपासनं दम लागलाय. राहात्याला दवाखान्यात आनलंय. आक्सिजन लावलाय."

त्याच्यामागे बायकांचा रडण्याचा आवाज येत होता.

"कोण कोण आलंय?"

"समदे आलेत. दोनी बहिनी पोचल्या. आत्याच ऱ्हायलीय फक्त. आज निगाला तर कवा पोचताल?"

आमच्याकडे परगावी असलेल्या माणसाला मृत्यू फोनवर सांगत नाहीत. तब्येत जास्त आहे, निघून या, असं सांगतात. ऐकणारा मनातल्या मनात एक पायरी पुढे जातो. माझे वडील गेले तेव्हा मी कामासाठी मुंबईत होतो. त्यांना दवाखान्यात नेलंय, एवढंच मला कळवलं. मी काहीही न विचारता पांढरा शर्ट घालून निघालो होतो, आणि बरोबर निघालो होतो. विचारायचं नसतं. सांगणाऱ्याला तो शब्द उच्चारायला लावणं वाईट दिसतं.

दोन्ही बहिणी, म्हणजे मामाच्या लेकी, पोचल्या आहेत, बायका रडत आहेत, कधी पोचाल असं तो विचारतो आहे. मीही ती एक पायरी पुढे गेलो. मामा गेला आहे आणि त्याला आईसाठी ठेवलं आहे, असं मी समजलो.

मग मी हिशेब केला. ल्युब्लियानाहून व्हिएन्ना किंवा व्हेनिस, तिथून आखात, तिथून मुंबई, मुंबईहून पुणतांबा. तिकिटं मिळाली तरी बुधवारी दुपार. मे महिना. पॅरिस असतं तर संध्याकाळचं थेट विमान होतं, मंगळवारी दुपारी घरी. हा विचार तेव्हा माझ्या मनात आला होता.

"बुधवारी दुपारपर्यंत," मी म्हणालो. "इतकं थांबू नका. आमची वाट बघू नका. तुम्हाला योग्य वाटेल ते करा."



"आत्याला इचारता का येकदा?"

"तिला मी बघतो. तिच्या फोनवर करू नका."

"बरं. तुमची मर्जी."

मर्जी हा शब्द मला खटकला नाही. माझ्या कामात निधनवार्तांचं पान होतं. तालुक्याच्या वार्ताहरानं पाठवलेली निधनवार्ता घरच्या माणसाशी बोलून खातरजमा केल्याशिवाय लावायची नाही, हा नियम मी दहा-बारा नव्या मुलांना शिकवला आहे. त्या दिवशी मी घरच्याच माणसाशी बोललो होतो आणि खातरजमा केली नव्हती.

बायकोला मी बाजूला घेऊन सांगितलं.

"गेलेत असं म्हणाला तो?" तिनं विचारलं.

"असं कोणी म्हणतं का?"

"मग एकदा परत विचारा ना, अहो."

"नको. त्यांची गडबड चालू असेल."

आणि आईला मी सांगितलं नाही. कारणं मी बायकोला दिली. पोचणं शक्य नाही, मग चार-पाच दिवस तिनं परदेशातल्या हॉटेलच्या खोलीत काय करायचं? सगळं परकं. घरी गेल्यावर सांगू. बायको म्हणाली, "तुम्ही त्यांना कबूल केलं होतं." मी म्हणालो, तेव्हा परिस्थिती वेगळी होती.

त्यानंतर मी जे केलं ते पद्धतशीर होतं. आईच्या फोनवरचं नेट बंद केलं, इथे रेंज नाही म्हणून सांगितलं. फोटो बघायला ती माझा फोन मागायची, म्हणून नातेवाइकांचा ग्रुप आणि मामेभावाचा संवाद, दोन्हींचा आवाज बंद करून यादीत दिसणार नाहीत असे लपवले. श्रद्धांजलीचा फोटो तिच्या हातात उघडू नये, एवढाच हेतू होता. मंगळवारी त्याचे दोन फोन येऊन गेले. आम्ही तेव्हा किल्ल्यावर होतो, आई शेजारी होती. मी उचलले नाहीत. त्याचे संदेश न वाचताच, फोन येऊन गेल्याच्या सूचनेवरून त्याला दोन वाक्यं पाठवली: सगळं समजलं. नंतर बोलतो.

त्याच दुपारी किल्ल्याखालच्या दुकानात आईनं लोकरीची कानटोपी घेतली. राखाडी, कानावरून खाली येणारी. "अण्णाला थंडीत लागते," ती म्हणाली. मुलीला काही माहीत नव्हतं. तिनं टोपी स्वतःच्या डोक्यावर चढवून मामाआजोबांसारखं खोकून दाखवलं. आई हसली. बायको दुकानाबाहेर गेली.

बुधवारी आम्ही बसनं त्रिएस्तेला गेलो. तिथला मोठा चौक एका बाजूनं समुद्राला उघडा आहे. त्या शहरात हिवाळ्यात इतका वारा असतो की पूर्वी लोकांना धरायला रस्त्याकडेनं दोर बांधत. आम्ही होतो तेव्हा वारा नव्हता. आई चौकाच्या कडेला बसून म्हणाली, "असं शांत गाव असतं, हे कोणी सांगितलं नव्हतं."

गुरुवारी सकाळी नाश्त्याच्या वेळी मी आवाज बंद केलेला संवाद उघडला. पुढच्या विधींची तारीख बघायची होती. शेवटचा संदेश दोन तासांपूर्वीचा होता. अण्णा आज पहाटे पाच वाजता गेले.

मी तारीख पाहिली. मग वरचे संदेश खालून वर वाचले. बुधवार संध्याकाळ: डॉक्टर म्हणतात आजची रात्र. बुधवार सकाळ: थोडं बरं वाटतंय, पेज घेतली. मंगळवार दुपार, दोन न उचललेल्या फोनांच्या मध्ये: अण्णांना आत्याशी बोलायचंय. व्हिडिओ कॉल करा. अक्का अक्का करतायत. त्याखाली माझी दोन वाक्यं होती.

सोमवारी निघालो असतो तर आम्ही बुधवारी दुपारी राहात्याला पोचलो असतो. या दूरच्या, आडबाजूच्या शहरांतूनही. विमानांचा माझा हिशेब बरोबर होता.

मी हॉटेलच्या दारात जाऊन फोन लावला. मामेभावानं उचलला, आवाज कोरडा होता.

"राहात्याहून बर्फाची पेटी आनलीय," तो म्हणाला. "उद्यापत्तुर ठेवता येतंय. आत्याला इचारा. तिचं काय म्हननं?"

आता निघालो तर शनिवार. आमचं परतीचं विमानही शनिवारचंच होतं. मी म्हणालो, नका थांबू. त्यानं आत्याचं म्हणणं विचारलं होतं. मी जे सांगितलं ते त्यानं आत्याचं म्हणणं समजून ऐकलं, आणि हे मला बोलतानाच कळलं होतं. मी दुरुस्त केलं नाही.

आत येऊन बसलो तेव्हा आई पावाला लोणी लावत होती. "कामाचा फोन होता का?" तिनं विचारलं. मी हो म्हणालो.

रविवारी सकाळी मुंबईला उतरलो. ठरवलेली गाडी पुण्यावरून नगरला निघाली. नगरच्या आधी सांगायचं होतं, कारण नगरहून पुढे पुणतांब्याला जायचं होतं. सुप्याला एमआयडीसीच्या फाट्यावर चहाला थांबलो. पाळी सुटलेली होती, कारखान्यांच्या बसेस भरत होत्या. आई गाडीतच बसून राहिली, पाय सुजले होते. मी तिच्या बाजूचं दार उघडलं आणि सांगितलं.

ती रडली नाही. तिनं प्रश्न विचारले.

"कधी?"

"गुरुवारी पहाटे."

"आजारी कधी पडला?"

"रविवारी रात्री. सोमवारी मला फोन आला."

तिनं बोटांवर दिवस मोजले. "सोमवारी म्हणजे शेंगांच्या बाजारात होतो तेव्हा."

"हो."

"तेव्हा होता तो?"

"होता. मला वाटलं, गेले. फोनवर तसंच सांगतात म्हणून मला वाटलं."

"विचारलं नाहीस?"

"नाही."

"पेपरवाला ना तू?"

तिनं पुढचं विचारलं. "बोलत होता का शेवटी?" मी संदेशात होतं ते सांगितलं, अक्का अक्का करत होते, तेसुद्धा. तिनं सरळ सांगायला सांगितलं होतं. उशिरा का होईना, तेवढं केलं. चहा आला होता, तिनं घेतला नाही. "दार लाव," म्हणाली.

पुणतांब्याला पोचलो तेव्हा ऊन उतरत होतं. दारात बायका बसलेल्या होत्या. मामी खांबाला टेकून होती. आई तिच्याजवळ बसली आणि तिथे मात्र रडली. थोड्या वेळानं भावकीतली एक म्हातारी, आईच्या बरोबरीची, तिच्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली,

"थांबलो असतो गं आमी. पेटीबी आनली हुती. तूच न्हाई म्हनलीस म्हनं."

मी अंगणात उभा होतो. मामेभाऊ माझ्या शेजारी होता. तोही ऐकत होता.

"व्हय," आई म्हणाली. "मीच म्हनले. उन्हाचं कशाला ठिवायचं."

"येवढा हाका मारत हुता तुला."

"व्हय."

म्हातारीनं हात काढून घेतला. मामीनं पदर तोंडाला लावला आणि दुसरीकडे बघितलं.

अंधार पडायच्या आत मी आईला घराच्या मागच्या बाजूला गाठलं. ती हातपाय धूत होती. मी म्हणालो, "मी सांगतो सगळ्यांना. चूक माझी आहे. तुला माहीतच नव्हतं."

"काय सांगशील?" तिनं तांब्या खाली ठेवला. "माझ्या भावाचं मला कुणी विचारलं नाही, हे सांगशील? माझ्याच पोरानं मला बोचक्यासारखं गावोगाव फिरवलं, हे?" मग आवाज खाली आणून म्हणाली, "बहीण आली नाही म्हणतील. म्हणू दे. म्हातारीला कुणी मोजलं नाही, असं म्हणायला नको."

दहाव्याला नदीच्या घाटावर ती बायकांमध्ये मागे बसली. तिला कोणी पुढे बोलावलं नाही.

मामेभावाला मी अजून खरं सांगितलेलं नाही. मध्ये दोनदा राहात्याला कामाला गेलो, तेव्हा त्याच्याकडे चहा घेतला. तो तुटक बोलतो, पण बोलतो. त्याच्या लेखी त्याच्या आत्याला सोमवारीच कळलं होतं, आणि ती सहल सोडून आली नाही. आई त्या तीन शहरांबद्दल चांगलंच बोलते. समोरच्या अभियंत्यांना तिनं स्वतः सांगितलं की गर्दी नको असेल तर तिकडेच जा. त्यांची बायको पुढच्या वर्षीसाठी नावं लिहून घेऊन गेली.

यंदा मामेभावाच्या मुलीचं लग्न ठरलं. पुणतांब्यात माहेरवाशिणीला लग्नाचं आमंत्रण घरी येऊन, कुंकू लावून देतात. आजवर आईला तसंच आलं. या वेळी पत्रिका फोनवर आली, ती माझ्या. मी पडदा मोठा करून आईला वाचायला दिला. तिनं सगळी नावं सावकाश वाचली. निमंत्रकांच्या नावांत, खाली, आत्या म्हणून तिचं नाव असायचं. ते नव्हतं.

फोन परत देत ती म्हणाली, "तू जाऊन ये. तुझं नातं आहे अजून."